रद्द झालेला परवाना आणि धावणारी बस

महामार्गावर खासगी बसला मोठा अपघात झाला, दिवाळीच्या तोंडावर तिकिटाचे दर दुप्पट झाले, चालक दारू पिऊन सापडला, की पहिली मागणी उठते ती परवाना रद्द करण्याची. मंत्री तशी घोषणा करतात, मथळा छापून येतो, आणि महिन्याभरात तीच बस त्याच टपरीसमोर प्रवासी भरताना दिसते. लोक म्हणतात, 'सेटिंग झाली असणार.' काही वेळा होतही असेल. पण बस परवान्यांच्या खटल्यांची बाडे चाळली की दुसरेच कारण पुन्हा पुन्हा समोर येते. मालकाने अट मोडलीच नव्हती, असे म्हणून त्याला सोडलेले निकाल थोडे. बहुतेक वेळा तो सुटतो, कारण रद्द करणाऱ्याने त्याला नीट विचारले नाही, विचारून घेतलेले उत्तर वाचले नाही, किंवा ज्याने आदेशावर सही केली त्याला तो अधिकारच नव्हता.

पुढच्या पानांत एकत्र केलेले निकाल या एका गोष्टीसाठी वाचावेत, असे मला वाटते. वकिलांना त्यांचा उपयोग उघडच आहे. पण परिवहन कार्यालयात टिपणी लिहिणारा कारकून, दोन बसवर संसार चालवणारा मालक आणि 'परवाना रद्द' अशी बातमी देणारा वार्ताहर यांनाही ते उपयोगी पडतील. वार्ताहराला तर विशेषच, कारण परवाना रद्द होणे, निलंबित होणे आणि त्याचे नूतनीकरण न होणे या तीन गोष्टी आपल्याकडच्या बातम्यांत सर्रास एकच समजल्या जातात.

परवाना म्हणजे काय, ते आधी थोडक्यात. मोटार वाहन कायदा, १९८८ च्या कलम ६६ प्रमाणे कोणतेही प्रवासी वाहन भाड्याने चालवायचे तर परवाना लागतो. त्याची मुदत पाच वर्षे. बसचे परवाने मुख्यतः दोन जातीचे. एक टप्पा वाहतुकीचा : ठरलेला मार्ग, ठरलेले वेळापत्रक, वाटेत कोणीही चढावे, कोणीही उतरावे, प्रत्येकाचे वेगळे तिकीट. दुसरा कंत्राटी वाहतुकीचा : लग्नाचे वऱ्हाड, सहल, यात्रा, म्हणजे एका करारावर संपूर्ण गाडी घ्यायची, वाटेत परके प्रवासी घ्यायचे नाहीत. आपण ज्यांना 'ट्रॅव्हल्स' म्हणतो त्या रात्रीच्या गाड्यांकडे परवाना असतो दुसऱ्या जातीचा, आणि धंदा चालतो पहिल्या जातीचा. हे सगळ्यांना ठाऊक आहे. परिवहन खात्याला ठाऊक आहे, एस. टी. महामंडळाला ठाऊक आहे, तिकीट काढणाऱ्या तुम्हा-आम्हाला ठाऊक आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९७ मध्ये निर्मला काब्रा यांच्या प्रकरणात कंत्राटी बसला टप्पा वाहतूक करता येत नाही, हे स्पष्ट सांगितले. तरी आज ऑनलाइन तिकीट काढताना आपण बसायची आणि उतरायची जागा निवडतोच. म्हणजे काटेकोर वाचले तर रात्री धावणाऱ्या कितीतरी बसचे परवाने उद्या सकाळी रद्द होण्यालायक आहेत. कायदा इतका सर्वत्र मोडला जात असेल तर तो नेमका कोणाच्या विरुद्ध वापरायचा, हे ठरवण्यात मर्जीला जागा मिळते. खटले जन्माला येतात ते या जागेत.

आता कलम ८६. रद्द करण्याचा अधिकार येथून येतो. कारणे मोजकी आहेत : परवान्याची अट मोडणे, परवान्यात नसलेल्या रीतीने गाडी वापरणे, गाडीची मालकी न उरणे, फसवणुकीने परवाना मिळवणे, मालवाहू गाडी विनाकारण उभी ठेवणे, आणि परदेशाचे नागरिकत्व घेणे. (हे शेवटचे कारण लागू झालेले प्रकरण माझ्या पाहण्यात नाही.) अटींची यादी कलम ८४ मध्ये आहे. योग्यता प्रमाणपत्र चालू हवे, वेगमर्यादा पाळायला हवी, चालकाच्या कामाचे तास मर्यादेत हवेत, सरकारने कलम ६७ खाली ठरवलेले भाडे पाळायला हवे, एवढेच काय, गाडीवर मालकाचे नाव आणि पत्ता रंगवलेला हवा. महाराष्ट्र सरकारने एप्रिल २०१८ मध्ये खासगी कंत्राटी बसच्या भाड्यावर एस. टी. च्या दीडपटीची मर्यादा घातली, तेव्हा सणासुदीच्या लुटीलाही परवान्याच्या अटींशी जोडण्याची वाट मोकळी झाली.

अधिकार एवढा मोठा असल्यामुळे कायद्याने त्याला चार कुलपे लावली आहेत. पहिले : परवानाधारकाला खुलासा करायची संधी दिल्याशिवाय रद्दही करता येत नाही आणि निलंबितही करता येत नाही. दुसरे : कारणे लेखी द्यावी लागतात. तिसरे मला फार महत्त्वाचे वाटते आणि तेच सर्वांत जास्त विसरले जाते. निलंबनाचा अधिकार खालच्या अधिकाऱ्याकडे सोपवता येतो, रद्द करण्याचा येत नाही. तो ज्या परिवहन प्राधिकरणाने परवाना दिला त्यानेच वापरायचा. आपल्याकडे जिल्ह्यात हे प्राधिकरण जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली असते आणि आरटीओ त्याचे सचिव असतात. म्हणजे 'आरटीओने परवाना रद्द केला' ही बातमी शब्दशः खरी असेल तर तो आदेश बहुधा टिकणार नाही. चौथे : अट मोडली असली तरी रद्द करणे गरजेचे नाही असे प्राधिकरणाला वाटले, आणि धारक ठरावीक रक्कम भरायला राजी झाला, तर पैसे घेऊन प्रकरण मिटवता येते.

या चौथ्या तरतुदीबद्दल दोन्ही बाजूंनी बरेच बोलले जाते. माझे मत असे की ती शहाणपणाची आहे आणि वापरली जाते ती आळशीपणाने. योग्यता प्रमाणपत्र आठ दिवस उशिरा घेतलेल्या मालकाला पाच वर्षांच्या धंद्यातून उठवण्यात अर्थ नाही, त्याने पैसे भरावेत हेच बरे. पण तीच गाडी तिसऱ्यांदा, चौथ्यांदा त्याच कारणासाठी पकडली जाते आणि तीच रक्कम भरून सुटते, तेव्हा मालकाच्या हिशेबात ती डिझेलच्या खर्चाशेजारी जाऊन बसते.

नमुन्यादाखल एक आदेश पाहू. आदेश कल्पनेतला आहे, पण अशा धाटणीचे कागद अपिले ऐकणाऱ्या न्यायाधिकरणाच्या फायलींत सापडतात. मराठवाड्यातल्या एका गावाहून पुण्याला येणारी कंत्राटी परवान्याची बस. परिवहन खात्याच्या वायुवेग पथकाने ती पहाटे अडवली. आत वेगवेगळ्या गावांहून चढलेले प्रवासी, प्रत्येकाच्या मोबाइलमध्ये वेगळे तिकीट, करार नाही, प्रवाशांची यादी नाही. चलन झाले. मग कारणे दाखवा नोटीस निघाली : 'आपण परवान्याच्या अटींचा भंग केल्याचे निदर्शनास आले आहे. तरी सात दिवसांत खुलासा करावा.' कोणत्या अटीचा, कोणत्या तारखेला, कोणत्या जागी, याचा पत्ता नाही. चलनाची प्रत जोडलेली नाही. मालकाने वकिलाकडून दोन पानी उत्तर दिले. प्रवासी एका मंडळाचे होते, करार कार्यालयात राहिला होता, सोबत जोडला आहे, वगैरे. करार मागाहून बनवलेला असण्याची शक्यता दाट. त्यानंतर छापील नमुन्यावर आदेश आला, मोकळ्या जागा निळ्या शाईने भरलेल्या : 'आपला खुलासा समाधानकारक नाही. सबब आपला परवाना रद्द करण्यात येत आहे.' खाली सही उपप्रादेशिक परिवहन अधिकाऱ्याची.

मालक अपिलात गेला की पहिल्या तारखेलाच प्रश्न सुरू होतात. नोटिशीत आरोप कुठे आहे? खुलासा समाधानकारक का नाही? कराराचा कागद खोटा वाटला तर तसे लिहिले का नाही? ज्या प्रवाशांचे जबाब घेतले त्यांच्या प्रती मालकाला दिल्या का? निलंबनाने भागले नसते का? आणि सही करणारे अधिकारी म्हणजे प्राधिकरण कधीपासून? या सहा प्रश्नांपैकी एकालाही सरकारी बाजूकडे उत्तर नसते. आदेशाला स्थगिती मिळते. मालकाने नियम मोडला होता, हे सगळ्यांना दिसत असते, पण ज्याला ते लिहून काढायचे होते त्याने ते लिहिलेले नसते. पहाटे थंडीत उभे राहून पथकाने केलेले काम कार्यालयातल्या दोन ओळींनी वाया घालवले. मला यात मालकाच्या वकिलाचे कौतुक करण्यासारखे काही दिसत नाही.

असे अपील कलम ८९ प्रमाणे राज्य परिवहन अपिलीय न्यायाधिकरणापुढे चालते. तेथे बसणारी व्यक्ती किमान जिल्हा न्यायाधीशाच्या दर्जाची असावी लागते. दिवाणी न्यायालयाची दारे कलम ९४ ने बंद केली आहेत, त्यामुळे यानंतर उरते ते उच्च न्यायालय, रिट अर्जाच्या मार्गाने. तेथेही एक मर्यादा फार पूर्वी आखली गेली. वीरप्पा पिल्लई विरुद्ध रामन अँड रामन या तमिळ मुलखातल्या बसमालकांच्या भांडणात सर्वोच्च न्यायालयाने १९५२ मध्ये सांगितले की उच्च न्यायालयाने परवान्याच्या बाबतीत अपील न्यायालय होऊन बसू नये. आदेश चुकीच्या रीतीने झाला असेल तर तो मोडावा, पण परवाना कोणाला द्यायचा हे प्राधिकरणालाच ठरवू द्यावे. संविधान लागू होऊन जेमतेम दोन वर्षे झाली होती. आपल्या प्रशासकीय कायद्याचे कितीतरी पहिले धडे बसमालकांच्या पैशाने गिरवले गेले, हे विद्यार्थ्यांना कोणी सांगत नाही.

बसमालकांना इतके न्यायालयात जावे लागले त्याचे कारण राष्ट्रीयीकरण. शिक्षा म्हणून परवाना रद्द होणे ही एक गोष्ट, आणि सरकारला स्वतःची बस चालवायची आहे म्हणून रद्द होणे ही अगदी दुसरी. दुसऱ्यात मालकाचा काही गुन्हा नसतो. मुंबई राज्यात १ जून १९४८ रोजी पुणे-अहमदनगर मार्गावर पहिली एस. टी. धावली आणि देशभर अशाच सरकारी सेवा उभ्या राहू लागल्या. उत्तर प्रदेशाने १९५१ मध्ये कायदा करून मार्ग ताब्यात घ्यायला सुरुवात केली. बुलंदशहर-दिल्ली मार्गावर बस चालवणारे सगीर अहमद न्यायालयात गेले आणि १९५४ मध्ये जिंकले. रस्ता लोकांचा आहे, त्यावर बस चालवणे हा व्यवसाय आहे, आणि तो असा हिरावून घेता येत नाही, असे न्यायालयाने ठरवले. सरकारी मक्तेदारीला मोकळीक देणारी पहिली घटनादुरुस्ती तोवर झाली होती, पण उत्तर प्रदेशाचा कायदा त्या दुरुस्तीच्या आधीचा होता. म्हणून १९५६ मध्ये जुन्या, म्हणजे १९३९ च्या मोटार कायद्यात नवे प्रकरण घालण्यात आले : आधी योजनेचा मसुदा प्रसिद्ध करायचा, हरकती ऐकायच्या, सरकारने मंजुरी द्यायची, आणि मग खासगी परवाने रद्द करायचे. आजच्या कायद्यात हीच व्यवस्था कलम ९८ ते १०५ मध्ये आहे. या मार्गाने परवाना गेला तर न्यायाधिकरणाकडे अपीलही नाही.

हरकती ऐकायच्या म्हणजे कोणी ऐकायच्या? हा प्रश्न आंध्रच्या कृष्णा जिल्ह्यातून आला. गुल्लापल्ली नागेश्वर राव आणि इतर बसमालकांच्या हरकती परिवहन खाते सांभाळणाऱ्या सचिवांनी ऐकल्या, टिपणे काढली, आणि निर्णय दिला मुख्यमंत्र्यांनी. सर्वोच्च न्यायालयाने मंजुरी रद्द केली. एक म्हणजे सचिव ज्या खात्याचे प्रमुख, तेच खाते या वादात एक पक्ष होते. दुसरे म्हणजे ऐकणारा एक आणि ठरवणारा दुसरा असेल, तर प्रत्यक्ष सुनावणी नुसता देखावा ठरते. सरकारने पुन्हा सुरुवात केली, आणि या वेळी मुख्यमंत्र्यांनी स्वतः बसून हरकती ऐकल्या. मालक पुन्हा न्यायालयात गेले : मुख्यमंत्र्यांचे मत तर आधीच ठरलेले आहे. १९५९ मध्ये न्यायालयाने हा आक्षेप मात्र मानला नाही. मंत्र्याला धोरण असते, म्हणून तो आपोआप पक्षपाती होत नाही.

ते मुख्यमंत्री म्हणजे नीलम संजीव रेड्डी. कथा येथे संपत नाही. पुढे कुर्नूल जिल्ह्याच्या पश्चिम भागातले मार्ग ताब्यात घेण्याची योजना आली. बसमालकांचा आरोप होता की आधी ठरलेला क्रम बदलून हा भाग पुढे ओढला गेला तो मुख्यमंत्र्यांच्या राजकीय विरोधकांना धंद्यातून उठवण्यासाठी. आरोप प्रतिज्ञापत्रावर होते, नावानिशी होते, तपशीलवार होते. त्यांना उत्तर म्हणून मुख्यमंत्र्यांचे स्वतःचे प्रतिज्ञापत्र मात्र न्यायालयासमोर आलेच नाही. १९६४ च्या जानेवारीत सर्वोच्च न्यायालयाने रौजी प्रकरणात योजना रद्द केली. ज्या माणसावर आरोप आहे तोच ते नाकारत नसेल तर आम्ही काय समजायचे, असा त्या निकालाचा रोख होता. पुढच्याच महिन्यात रेड्डींनी मुख्यमंत्रिपद सोडले. नंतर ते लोकसभेचे सभापती झाले, १९७७ मध्ये राष्ट्रपती झाले, ही गोष्ट वेगळी. पण एका जिल्ह्यातल्या बस परवान्यांवरून मुख्यमंत्र्याची खुर्ची गेली, हे आज सांगितले तर कोणाला खरे वाटणार नाही. हा निकाल पूर्ण वाचावा. परवाना रद्द करण्यामागचा हेतू कसा शोधायचा, याचे त्याहून चांगले उदाहरण मला माहीत नाही.

महाराष्ट्राच्या वाट्याला आलेली प्रकरणे इतकी नाट्यमय नाहीत, पण त्यांतून परवाना जाण्याचा तिसरा दरवाजा दिसतो. परभणीच्या ट्रान्सपोर्ट सहकारी सोसायटीचे परवाने कोणी रद्द केले नव्हते. ते नुसते संपले. सोसायटीने नूतनीकरण मागितले, त्याच मार्गांवर राज्य परिवहनानेही अर्ज केला, आणि प्राधिकरणाने परवाने राज्य परिवहनाला दिले. सोसायटीचे म्हणणे असे की सरकारला मार्ग हवेत तर योजना काढावी, हरकती ऐकाव्यात, भरपाई द्यावी, असे मागच्या दाराने येऊ नये. १९६० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हे मान्य केले नाही. योजनेचा मार्ग खुला आहे म्हणून साध्या अर्जदारासारखे येण्याचा सरकारचा मार्ग बंद होत नाही, असे ठरले. निकाल कायद्याच्या दृष्टीने बरोबर असेल. पण मालकाच्या बाजूने पाहिले तर परवाना गेला तो गेलाच, आणि 'रद्द' हा शब्द कुठेच नसल्यामुळे भरपाईही नाही. वरोऱ्याची, मंगरूळपीरची मोटार सर्व्हिसवाली मंडळी १९७० च्या आसपास सर्वोच्च न्यायालयापर्यंत एस. टी. शी लढत होती. त्यांच्या नावांतून विदर्भ-मराठवाड्यातल्या त्या काळच्या खासगी मोटारींचा एक नकाशाच कायद्याच्या अहवालांत राहून गेला आहे.

भरपाईचा उल्लेख केला म्हणून तिचा हिशेबही पाहा. सरकारी योजनेसाठी परवाना रद्द झाला तर उरलेल्या प्रत्येक पूर्ण महिन्याला २०० रुपये. पंधरा दिवसांपेक्षा जास्त उरलेला महिना पूर्ण धरायचा, कमी असेल तर १०० रुपये. एकूण रक्कम ४०० रुपयांपेक्षा कमी नसावी. म्हणजे पाच वर्षांतले तीस महिने शिल्लक असलेल्या बसमालकाला ६,००० रुपये. हे दर १९५६ च्या दुरुस्तीत आले, १९८८ च्या नव्या कायद्यात कलम १०५ मध्ये तसेच उतरले आणि आजही तेच छापलेले आहेत. आज एवढ्या पैशांत बसचा एक टायरही येत नाही. त्यावर पर्यायी मार्गाचा परवाना देऊ केला आणि मालकाने तो घेतला, तर हेही मिळत नाही.

असे असताना मालकांनी काय केले? वेळ काढला. सहारनपूर-शहादरा-दिल्ली मार्गाच्या योजनेचा मसुदा १९५९ मध्ये प्रसिद्ध झाला होता. हरकती, स्थगिती, पुन्हा सुनावणी असे करता करता १९८५ उजाडले, आणि अखेर इतक्या विलंबाच्या कारणावरून सर्वोच्च न्यायालयाने तो मसुदाच रद्द केला. सव्वीस वर्षे खासगी बस धावतच राहिल्या. १९८८ च्या कायद्यात मसुदा वर्षभरात मंजूर झाला नाही तर तो आपोआप बाद होईल, असे कलम आले त्यामागे हा अनुभव होता. त्याच १९८५ मध्ये आदर्श ट्रॅव्हल्स प्रकरणात पाच न्यायमूर्तींच्या पीठाने ठरवले की राष्ट्रीयीकृत मार्गाच्या छोट्याशा तुकड्यावरूनही खासगी बसला जाता येणार नाही, योजनेतच तशी सवड ठेवली असेल तर गोष्ट वेगळी. एका बाजूला इतका कडक निकाल आणि दुसऱ्या बाजूला सव्वीस वर्षांची ढिलाई, असा हा कारभार.

नव्या कायद्याने हवा बदलली. कलम ८० मध्ये परवाना सहसा नाकारू नये असे आले. जुन्या परवानाधारकांनी याला आव्हान दिले. १९९१ मध्ये मिथिलेश गर्ग प्रकरणात न्यायालयाने त्यांना परत पाठवले : स्पर्धक वाढला म्हणून तुमचा हक्क गेला असे होत नाही, आणि बस जास्त असतील तर प्रवाशाचे भलेच आहे. निकालाचा आशय मला पटतो. पण या बदलात एक गोष्ट हातची सुटली, तिकडे कोणाचे फारसे लक्ष गेले नाही. जुन्या कायद्यात अर्ज प्रसिद्ध होत, स्थानिक संस्थांना आणि त्या भागातल्या लोकांच्या संघटनांना आपले म्हणणे मांडता येई. प्रतिस्पर्धी मालक या सोयीचा वापर अडवणुकीसाठी करत, म्हणून ती काढली. अडवणूक गेली आणि तिच्याबरोबर प्रवाशाचा आवाजही गेला.

आजचे ताजे वाद अखिल भारतीय पर्यटक परवान्याचे आहेत. केंद्राने २०२१ मध्ये आणि नंतर २०२३ मध्ये त्यासाठी नवे नियम केले. एका राज्यात परवाना घ्यायचा आणि देशभर फिरायचे. महाराष्ट्रातल्या, केरळातल्या रस्त्यांवर नागालँड, अरुणाचलच्या नंबरप्लेटच्या बस दिसतात त्या याच सोयीने. केरळात २०२३ मध्ये पथनमथिट्टा-कोईम्बतूर मार्गावर एका मालकाने या परवान्यावर उघडपणे प्रत्येक सीटचे तिकीट देऊन बस चालवली. नवे नियम याला परवानगी देतात असे त्याचे म्हणणे, देत नाहीत असे राज्याचे. दंड झाले, बस जप्त झाली, परवाना रद्द झाला, प्रकरण उच्च न्यायालयात गेले, आणि रस्त्यावर लोक बसला हार घालत राहिले. यात कोणाची बाजू बरोबर यापेक्षा एक बारकावा लक्षात घ्यावा. अशा परवान्याबाबत कलम ८६ दुसऱ्या राज्याला निलंबनाचा अधिकार देते, रद्द करण्याचा देत नाही. ज्या राज्याला त्या बसपासून करही मिळतो आणि त्रासही नाही, त्यानेच रद्द करायचे. ते तसे कशाला करील? हा दोष नियम लिहिणाऱ्यांनी दूर करायला हवा, रस्त्यावरच्या पथकाला तो करता येणार नाही.

या निकालांत मालक भेटतात, अधिकारी भेटतात, महामंडळे आणि मुख्यमंत्रीही भेटतात. प्रवासी बहुधा भेटत नाही. तो पक्षकारच नसतो. परवाना टप्पा वाहतुकीचा असेल तर मात्र आदेशाचा पहिला फटका त्याला बसतो. गोव्यातल्या गावांमध्ये खासगी बसच्या फेऱ्यांवर शाळा आणि कचेऱ्या अवलंबून असतात, केरळ-तमिळनाडूत तर खासगी टप्पा बस ही रोजची सेवा आहे. अशा ठिकाणी सोमवारी परवाना रद्द झाला की मंगळवारी सकाळची सातची बस नसते. मग न्यायाधिकरणासमोर मालकाचा वकील गावकऱ्यांच्या हालांचे वर्णन करतो, आणि त्याच जोरावर स्थगिती मिळवतो. नियम मोडणाऱ्याच्या हातात प्रवाशांची अडचण हे हत्यार म्हणून जाते.

हे टाळायचे असेल तर प्राधिकरणांकडे माझ्या दोन मागण्या आहेत. रद्द करण्याचा प्रत्येक आदेश मराठीत, आरोप, उत्तर आणि कारणे यांसह लिहून कार्यालयाच्या संकेतस्थळावर टाकावा. वाचणारे असतील हे कळले की 'खुलासा समाधानकारक नाही' एवढे लिहून सही करायला हात आपोआप अडखळेल. आणि टप्पा वाहतुकीचा परवाना रद्द करताना त्याच बैठकीत त्या मार्गावर दुसऱ्या बसला तात्पुरता परवाना द्यावा. कलम ८७ प्रमाणे तो चार महिन्यांपर्यंत देता येतो, आणि त्यासाठी सरकारची नवी परवानगी लागत नाही.